निळ्या रेषेतली तुळस

शिरवाळ्यात कृष्णेनं शंभर वर्षांत आपलं पात्र एकदाही बदललं नसेल. नगरपालिकेच्या नकाशावरची निळी रेषा मात्र दर निवडणुकीनंतर इकडची तिकडे व्हायची.

निळी रेषा म्हणजे पूररेषा. पंचवीस वर्षांत एकदा तरी पुराचं पाणी जिथवर येऊ शकतं तिथवर ती ओढायची आणि तिच्या आत बांधकामाला परवाना द्यायचा नाही, असा साधा नियम. नियम साधा असला की पळवाटा फार. ज्याला रेषेच्या आत बांधायचं असेल तो आधी डंपर लावून भराव टाकायचा, जमीन पुरुषभर उंच करायचा आणि मग मोजणीदाराला बोलवायचा. जागा उंच भरली की रेषा अदबीनं बाजूला सरकायची. पुढं पावसाळ्यात पाणी त्या भरावाला वळसा घालून शेजाऱ्याच्या स्वयंपाकघरात शिरायचं. शेजारी कोर्टात जायचा आणि त्याला तारीख मिळायची.

हे तारखांचं गुऱ्हाळ ॲडव्होकेट शर्वरी तोडकरनं बंद केलं, असं सगळं गाव म्हणायचं, आणि त्यात फारशी अतिशयोक्ती नव्हती. नदीला अगदी खेटून 'रिव्हर क्राऊन' नावाचा टॉवर उठत होता. नदीकाठ समितीच्या वतीनं शर्वरी त्याच्या परवान्याविरुद्ध पूररेषा न्यायाधिकरणात गेली आणि साक्षीला तिनं उभं केलं एक यंत्र. त्याचं कागदोपत्री नाव लांबलचक होतं; लोक त्याला गाळवाचक म्हणत.

ते बनवणारे डॉ. मधुसूदन आडके शिरवाळ्याचेच. भूगर्भशास्त्र शिकवून निवृत्त झालेले, अंगानं किरकोळ, आवाज मात्र शेवटच्या बाकापर्यंत जाणारा. साक्ष द्यायला उभे राहिले आणि न्यायाधिकरणाचा वर्ग झाला.

"गारगोटीचा बारीक कण घ्या," सर म्हणाले. "तो मातीत गाडला गेला, की आजूबाजूच्या मातीतला अगदी मंद, नैसर्गिक किरणोत्सर्ग त्याच्यात साठत जातो. थेंब थेंब गळणाऱ्या नळाखाली हंडा ठेवल्यासारखा. कणावर ऊन पडलं की हंडा रिकामा. पुन्हा गाडला गेला की पुन्हा पहिल्या थेंबापासून सुरुवात. आम्ही अंधाऱ्या नळीतून माती वर काढतो आणि एकेका कणावर निळा प्रकाश सोडतो. कण साठवलेलं सगळं उजेडाच्या रूपात ओकून टाकतो. किती ओकलं ते मोजलं की तो कधी गाडला गेला हे कळतं."

"पण तो पुरानंच आणला, हे कशावरून?" अध्यक्ष श्रीमती हवालदार यांनी विचारलं.

"कृष्णेच्या गाळातली खनिजांची भेळ वेगळी असते. रानातल्या मातीत ती नसते. नदीचा गाळ सापडला, म्हणजे नदी तिथं येऊन गेली. वर कितीही भराव टाका, खाली तिनं सही करून ठेवलेली असते."

टॉवरच्या भरावाखाली ती सही सापडली. बिल्डरचे वकील शिंगटे यांनी मग गावातले दहा प्रतिष्ठित साक्षीदार आणले. पाणी तिथवर कधी आलंच नाही, असं दहाही जणांनी एका सुरात सांगितलं. त्यावर शर्वरी उठून फक्त एवढंच म्हणाली, "माणसाची आठवण सोयीची असते, महोदया. वाळूची नसते."

दुसऱ्या दिवशी वर्तमानपत्रात हेच वाक्य मथळ्याला होतं. टॉवरचा परवाना रद्द झाला. न्यायाधिकरणानं पुढं आदेशच दिला, की यापुढं शिरवाळ्यात जमिनीची उंची ग्राह्य नाही, साक्षीदारांच्या आठवणी ग्राह्य नाहीत. सगळं शहर गाळवाचकानं वाचायचं आणि रेषा नव्यानं ओढायची. बिल्डरनं फेरविचाराचा अर्ज ठोकला, पण त्यात काही दम नव्हता. शर्वरीचे सत्कार झाले. पाच शाली तर तिनं घरात कामाला येणाऱ्या मावशींनाच देऊन टाकल्या.

नवी रेषा जाहीर झाली आणि ती विणकर वसाहतीच्या छाताडावरून गेली.

विणकर वसाहत गावाच्या जुन्या उंचवट्यावर. यंत्रमागवाल्यांची बैठी घरं, आता एकेक करून नवी होत असलेली. परवान्यांचं सगळं काम तेव्हा संगणकाकडं होतं. रेषेच्या आत सापडलेल्या प्रत्येक जागेचा परवाना त्यानं एका दमात गोठवला. परवाना गोठला की काँक्रीटची गाडी येत नाही, बांधकामाची वीज बंद होते आणि फाटकावरच्या पाटीवर 'काम स्थगित' अशी लाल अक्षरं उमटतात. तसली एक पाटी नलूताईच्या फाटकावर होती.

नलूताई शर्वरीची थोरली बहीण. आई गेली तेव्हा शर्वरी शाळेत होती. नलूताईनं मागावर बसून तिला वाढवलं, वकील केलं, स्वतःचं लग्न राहिलं ते राहिलंच. साठीला आल्यावर तिनं एकच हौस धरली होती, स्वतःच्या जागेवर स्वतःचं पक्कं घर. जुन्या दोन खोल्या पाडल्या होत्या. पाया झाला होता, खांब उभे राहिले होते, त्यांच्या डोक्यावर सळ्या ताठ उभ्या होत्या. ती स्वतः पुढच्या अंगाला पत्र्याच्या शेडमध्ये राहत होती. जुन्या घरातली तुळस तेवढी अंगणात होती तिथंच होती.

शर्वरी गेली तेव्हा ताई शेंगा फोडत बसली होती. तिनं मान वर केली नाही.

"आली का निळी रेष वडायला?"

"ताई, यंत्रानं दाखवलंय. मी काय मुद्दाम—"

"यंत्राला काय कळतंय? पाणी हितं कधी आलं न्हाई. सगळ्या वसाहतीला इचार."

"सगळे असंच म्हणतात, ताई." शर्वरीच्या तोंडून हे गेलं आणि आपण कोर्टातल्या आवाजात बोललो हे तिलाच जाणवलं.

ताईनं हातातली शेंग खाली ठेवली. "म्हंजे मी बी त्या धा साक्षीदारांतली. बरं. जा तू."

शर्वरी घरी आली. आपल्या हातानं आपण आपल्या बहिणीचं घर थांबवलं, हे तिला दिवसभर डाचत राहिलं. त्यापेक्षा वाईट म्हणजे, ताई आयुष्यात कधी खोटं बोललेली नाही हे तिला ठाऊक होतं, आणि यंत्रही खोटं बोलत नाही हे तिनंच जगाला पटवून दिलं होतं. दोघंही खरी कशी असतील, याचं उत्तर तिला सुचत नव्हतं.

नवरात्र आलं. दरवर्षी दोघी बहिणी मिळून घट बसवायच्या. यंदा ताईचं बोलावणं आलं नाही. शेवटी दसऱ्याला, वर्षाचा सण म्हणून, शर्वरी आपट्याची पानं घेऊन स्वतःच वसाहतीत गेली. रिक्षा आपली आपण चालत होती, म्हणून वाटेत बोलायला ड्रायव्हरही नव्हता.

ताई अंगणात वाकून घटाची माती तुळशीच्या बुडाशी ओतत होती. धान्याचे कोवळे, पिवळट कोंब काढून घेतलेली, अजून ओलसर अशी ती काळी माती. ताईनं ती हातानं सारखी केली, तशी मातीखाली भगव्या रंगाची एक प्लास्टिकची टोपी झाकली गेली.

शर्वरी जागच्या जागी थांबली. गाळवाचकाची नळी जिथं खुपसतात तिथं खूण म्हणून तसली टोपी बसवतात.

"ताई, यंत्रवाल्यांनी भोक इथं पाडलं?"

"मग कुठं पाडत्यात? समदीकडं फरशी न्हाईतर शिमिट. उघडी माती तुळशीपाशीच की. समद्या वसाहतीत असंच केलंय."

"आणि ही घटाची माती—"

"तुला काय म्हाईत न्हाई? लहानपणी पाटी घिऊन माझ्या मागनं नदीला कोण यायचं?"

शर्वरीच यायची. वसाहतीतल्या सगळ्या बायका नवरात्राच्या आधी नदीवर जाऊन पुरानं टाकलेला ताजा पोयटा भरून आणायच्या. तो अंगणात तरटावर पसरून उन्हात खडखडीत वाळवायचा, चाळायचा, त्यात धान्य पेरायचं. दसऱ्याला घट उठले की माती पायदळी जाऊ नये म्हणून तुळशीच्या बुडाशी घालायची. वर्षानुवर्षं, घरोघर. नदी विणकर वसाहतीत आली होती ती बायकांच्या डोक्यावरच्या पाट्यांतून.

शर्वरीनं ताईच्या हातात आपट्याची पानं कोंबली, तिच्या मातीनं भरलेल्या हातांसकट तिला मिठी मारली आणि आली त्या रिक्षानं आडके सरांकडं गेली.

सर सोनं वाटायला येणाऱ्यांसाठी दिवाणखान्यात झब्बा घालून बसले होते. त्यांनी सगळं ऐकून घेतलं. मग त्यांनी आत हाक मारली, "अहो, आपल्या घटाची माती कुठं जाते?"

"तुळशीत!" आतून सौ. आडके म्हणाल्या. "लग्न झाल्यापासून. का? तुम्ही आज उचलणार होता?"

सर खदाखदा हसले. "शर्वरी, मी या गावात जन्मलो. दरवर्षी घटाला नमस्कार केला. त्याच्याखालची माती येते कुठनं, जाते कुठं, हे एकदाही विचारलं नाही. यंत्र बिचारं काय करेल? मी जेवढं पाहिलं तेवढंच ते पाहणार."

"पण सर, अहवालात दरवर्षीचा थर दिसला असेल ना? दरवर्षी पूर कसा येईल?"

"दिसला असेल. पण पालिकेला आम्ही वर्षं पाठवतच नाही. नदीचा गाळ सापडला की निळा ठिपका, नाही तर पांढरा. साहेब लोकांना ठिपके आवडतात."

मग ते उठून येरझाऱ्या घालायला लागले. चालता चालता थांबले. "वाळवतात म्हणालीस? उन्हात?"

"खडखडीत."

"मग फरक करता येईल!" सरांचा आवाज चढला. "पुराचं पाणी गढूळ. त्यातून वाहत येणाऱ्या सगळ्याच कणांना ऊन मिळत नाही. काही हंडे पुरते रिकामे होतात, काही अर्धे, काही भरलेलेच राहतात. पुराच्या एका थरात दहा वर्षांचा कण असतो आणि त्याच्याशेजारी हजार वर्षांचाही. आमचं यंत्र त्यातले सगळ्यात तरुण कण धरतं आणि बाकीचे कचरा म्हणून टाकून देतं. बायकांनी वाळवलेल्या मातीत असा कचराच नसणार. सगळे कण एका वयाचे. अगं, ज्यांना मी कचरा म्हणून बाजूला सारलं तेच साक्षीदार निघाले."

"मग जुने नमुने पुन्हा तपासू या."

"ते होणार नाही. एकदा वाचलेला कण रिकामा होतो. पुन्हा भोकं पाडावी लागतील. वसाहतीत, आणि टॉवरखालीसुद्धा."

यंत्र चुकतं हे शर्वरीनं कबूल करायचं म्हणजे शिंगट्यांच्या हातात आयतं कोलीत. फेरविचारात टॉवर सुटला, तर नदीकाठची शेकडो घरं पुन्हा पाण्यात. शिवाय हे यंत्र राज्यभर लागू व्हायचं होतं. सरांच्या हयातभराच्या कामाचं चीज होण्याची वेळ आली होती. ती हे सगळं बोलून गेली.

"मग काय, वसाहत बुडवायची?" सर शांतपणे म्हणाले. "खरं कळावं म्हणून यंत्र केलं. त्याची पहिलीच चूक आपण पदराखाली घातली, तर तुझ्यात, माझ्यात आणि भराव टाकणाऱ्यात फरक काय उरला? तू अर्ज कर. राज्यवाल्यांना मी आजच थांबा म्हणून कळवतो."

आणि त्यांनी कळवलं. आपल्या पालखीचे भोई आपणच माघारी पाठवणारा माणूस शर्वरीनं याआधी पाहिला नव्हता. तिनं वाकून त्यांना नमस्कार केला. दसराच होता, त्यामुळे त्यात सरांना काही वेगळं वाटलं नाही.

न्यायाधिकरणात शर्वरीनं स्वतः उभं राहून सांगितलं, की गाळवाचकाचा विणकर वसाहतीबद्दलचा निष्कर्ष चुकीचा आहे. शिंगट्यांना दिवाळी आधीच आल्यासारखं झालं.

"व्वा! काल वाळूची आठवण सोयीची नव्हती, आज ॲडव्होकेट तोडकरांच्या सोयीची झाली. त्यांची सख्खी बहीण त्या वसाहतीत राहते, हे महोदयांच्या निदर्शनास आणतो. आणि वसाहतीत घट बसतात, तर आमच्या टॉवरच्या जागेवरही कुणी बसवले असतील!"

सगळे हसले. शर्वरीही कसनुसं हसली. आडके सर उठले. "महोदया, वकीलसाहेबांचं म्हणणं रास्त आहे. म्हणून सगळ्यांसमक्ष पुन्हा माती काढू. जागा आम्ही निवडत नाही. निम्म्या शिंगटेसाहेबांनी दाखवाव्यात, निम्म्या वसाहतीतल्या बायकांनी."

तसंच झालं. शिंगट्यांनी टॉवरखालच्या आणि वसाहतीतल्या आपल्या पसंतीच्या जागा दाखवल्या. बायकांनी आपापल्या तुळशी दाखवल्या. नलूताई मात्र यंत्रवाल्यांना घराच्या मागच्या अंगाला घेऊन गेली. तिची जागा वसाहतीतली शेवटची, पलीकडं ओढा.

"हितं बी घ्या," ती म्हणाली. "मोरीच्या मागं. मोरीचं पाणी जातंय, म्हून घटाची माती आमी हितं कधी टाकत न्हाई. हितं नदीचा गाळ घावला न्हाई, म्हंजे कोर्टाला पटंल की, पाणी वसाहतीत कधी आलंच न्हाई."

शर्वरीला तिचा असा काही अभिमान वाटला, की कोर्टकचेरीत आयुष्य घालवलेल्या आपल्याला हे सुचू नये, याची लाजही वाटली नाही.

बायकांनी दाखवलेल्या जागांचे निष्कर्ष समितीकडं आले. त्यातले कोणते न्यायाधिकरणापुढं ठेवायचे, हे वकिलानं ठरवायचं होतं. सरांनी शर्वरीला प्रयोगशाळेत बोलवून घेतलं.

"तुळशीपाशी सगळे कण स्वच्छ. एका वयाचे. वसाहत सुटते," सर म्हणाले. "टॉवरखाली सगळी मिसळ. पूर."

"मग तुमचा चेहरा असा का?"

"मोरीमागच्या भोकात गाळ आहे. मिसळ कणांचा. एकोणीस सालच्या पुराचा दिसतो. त्या पुरात सगळी वसाहत उठवून डोंगरावरच्या शाळेत नेली होती. बघायला इथं कुणी नव्हतं. ओढ्यातून पाणी मागं फुगलं आणि एकाच जागेच्या कोपऱ्यावर चढलं."

शर्वरी खुर्चीत बसली.

"ऐक," सर म्हणाले. "शिंगटे विचारणार, की वसाहतीची मातीच अशी असेल, पुराचे कणसुद्धा इथं स्वच्छच दिसत असतील, हे कशावरून नाही? त्याला एकच उत्तर आहे. त्याच वसाहतीत, तुळशीपासून हाकेच्या अंतरावर, पुराचे कण वेगळे दिसतात. तुझ्या बहिणीची मोरी पुढं ठेवलीस तर वसाहत वाचते, टॉवर पडतो आणि तिचं घर जातं. नाही ठेवलीस, तर... वकील तू आहेस. मी काही म्हणणार नाही."

शर्वरी सरळ ताईकडं गेली. कोर्टात वाघिणीसारखी बोलणारी ती, इथं तिला सुरुवात सापडेना. शेवटी जे होतं ते तिनं सांगून टाकलं आणि म्हणाली, "ताई, तो निष्कर्ष मी ठेवायलाच पाहिजे असं नाही. कायद्यानं मला मोकळीक आहे."

ताई उठली. घराच्या अर्धवट पायावर चढली. एका खांबाला हात लावून उभी राहिली.

"शाळेतनं आलो तवा मागं चिखल हुता," ती हळूहळू म्हणाली. "मी म्हनलं, पावसाचा आसंल. खराट्यानं वडून काढला."

"तुला काय माहीत, ताई."

"न्हवतंच म्हाईत. आता झालं." तिनं खांबावरचा हात काढून घेतला. "मी म्हनलं पाणी आलं न्हाई, आणि पाणी आलं हुतं. उद्या हितं भिंती उभ्या ऱ्हायल्या आणि ओढा फुगला, तर मला गच्चीवरनं काढायला नाव आणणार हाईस का तू? आणि समद्या वसाहतीची घरं माझ्या एका घरापायी टांगून ठिवायची? सांग कोर्टात. म्हनावं, जागा तिनंच दाखवली."

शर्वरी रडायला लागली. ताईनं तिला रडू दिलं, आणि मग लहानपणी द्यायची तशी पदरानं नाक पुसून दिलं.

न्यायाधिकरणापुढं शर्वरीनं मोरीमागचा निष्कर्ष स्वतः वाचून दाखवला. ती जागा कुणाची, हेही सांगितलं. शिंगटे उलटतपासणीला उठले, कागदाकडं पाहिलं, तिच्याकडं पाहिलं आणि "काही विचारायचं नाही" म्हणून खाली बसले. अध्यक्ष हवालदारांनी निकाल दिला. वसाहत सुटली, टॉवरचा परवाना कायमचा रद्द झाला. यापुढं यंत्रानं कणांचा कचराही वाचायचा आणि नळी खुपसण्याआधी त्या घरातल्या बाईला मातीबद्दल विचारायचं, असा नवा नियम झाला. निळी रेषा ओढ्याच्या कडेनं गेली आणि फक्त एका जागेला आत घेऊन पुढं सरकली.

नलूताई शर्वरीकडं राहायला आली. येताना तिनं तुळस तेवढी आणली.

पुढच्या नवरात्राआधी शर्वरी तिला घेऊन वसाहतीत गेली. घराचा पाया तसाच होता, खांबांच्या सळ्यांना गंज चढला होता. पण त्या पायावर, जिथं ताईची बैठकीची खोली होणार होती तिथं, सगळ्या वसाहतीचा पोयटा तरटांवर वाळत पडला होता. एवढी मोकळी, उन्हाची जागा दुसरी नव्हतीच. बायका रांगेनं बसून चाळत होत्या. ताईला पाहताच त्यांनी तिला मध्यभागी जागा करून दिली.

ताई बसली. तिनं मूठभर माती घेतली, बोटांत चुरून पाहिली.

"शर्वे," ती म्हणाली, "आडके सरांना फोन लाव. म्हनावं, माती वाळाया घातलीया. येऊन डोळ्यांनी बघून जावा, म्हंजे परत घोळ नको."

शर्वरीनं फोन लावला. सर म्हणाले, मी निघालोच, आणि येताना पाटी घेऊन येतो. यंदा आमच्या घरची माती मी नेणार आहे.